वीस वर्षं आणि वर पाच

त्या रविवारी सकाळपासून धुकं उठलंच नव्हतं. अकरा वाजून गेले तरी समोरच्या घरांची नुसती छपरं तरंगत होती, आणि चढावरून येणारं माणूस आधी आवाजाने येई, मग बुटांनी, मग चेहऱ्याने. आईने पुढच्या खोलीतलं शिवणयंत्र भिंतीला लावून त्याच्यावर कुणाचा तरी शिवायला आलेला पांढरा पडदा टाकला होता आणि जेवणाचं मेज मधोमध ओढलं होतं. मेजावर केक होता. तो आत्याने आणला होता. वर काय लिहू, असं दुकानातल्या मुलीने विचारल्यावर आत्याला काही सुचेना; शेवटी ती म्हणाली, ‘झालं’ एवढंच लिही.

वीस वर्षांपूर्वी याच महिन्यात बाबांनी घराच्या कर्जाच्या कागदांवर सही केली होती. दोनशे चाळीस हप्ते. शेवटचा हप्ता गेल्या आठवड्यात बँकेने कापून घेतला आणि घर आपलं झालं, असं घरातले सगळे धरून चालले होते.

थोरली मुलगी मात्र शुक्रवारपासून तसं धरून चालत नव्हती. ती इस्पितळाच्या प्रयोगशाळेत रक्त तपासायची आणि तिथेच जवळ एका भाड्याच्या खोलीत राहायची. दर शुक्रवारी कामावरून सुटल्यावर चढ चढून यायची, आईच्या हातचं गरम काहीतरी खायची आणि बाबांचं टपाल वाचून दाखवायची. काचेच्या कारखान्यात पस्तीस वर्षं भट्टीच्या तोंडाकडे बघून बघून बाबांच्या डोळ्यांत मोतीबिंदू उतरत चालला होता; बारीक अक्षर त्यांना पाण्यात पडल्यासारखं दिसे. या शुक्रवारी ते घरी नव्हते. बँकेची पाकिटं ते आजवर स्वतःजवळच ठेवून घ्यायचे; हे तिने एकटीनेच फोडलं. वर्षाचं विवरण होतं. खाली उजव्या कोपऱ्यात लिहिलं होतं : उरलेले हप्ते, साठ.

आधी तिला वाटलं, दुसऱ्या कुणाचा कागद आला असेल. नाव पाहिलं. बाबांचंच होतं.

तिने तो कागद पिशवीत टाकला आणि दोन दिवस कुणाला काही बोलली नाही. शनिवारी दुपारी आपल्या खोलीत बसून तिने आकडेमोड केली, खोडली, पुन्हा केली. आकड्यांची तिला भीती नव्हती. दिवसभर ती तेच करायची. पण हे आकडे तिला एखाद्या स्वप्नातल्या जिन्यासारखे वाटायला लागले. वर चढत जावं आणि मजला तोच राहावा.

आज ती सगळ्यांच्या आधी आली ती त्यासाठीच. बाबा मागच्या अंगणात होते. स्वयंपाकघराच्या खिडकीची एक काच तडकली होती, तिच्या जागी बसवायला ते नवी कापत होते. हिऱ्याच्या टोकाची लहानशी कातणी त्यांनी काचेवरून एकदाच ओढली, करकर अशी बारीक आवाजाची रेघ उमटली, आणि अंगठ्याने हलकेच दाबताच काच सरळ दुभंगली. डोळ्यांनी दिसत नसलं तरी हे त्यांना बोटांनी दिसत होतं.

थोरलीने कागद पुढे केला नाही. ती नुसतं म्हणाली, “बाबा, साठ हप्ते राहिलेत.”

बाबांनी काचेची धार बोटाने चाचपली. मग म्हणाले, “मला माहीत आहे.”

“कधीपासून?”

“सोळा वर्षं झाली.”

धुक्यात कुठेतरी एक सायकल घंटी वाजवत गेली. थोरलीला आठवलं, सोळा वर्षांपूर्वी ती शाळेत होती; पाच वर्षांनी, विशीत पाऊल टाकताच, ती प्रयोगशाळेत लागली, आणि पहिल्या पगाराचा अर्धा भाग तिने याच अंगणात बाबांच्या हातावर ठेवला होता. हप्त्याला हातभार म्हणून. पुढे अकरा वर्षं तो अर्धा भाग ती देत राहिली. तेवढ्या वर्षांत तिच्या मैत्रिणी शिकायला दूरच्या शहरांत गेल्या, परत आल्या, मोठ्या जागांवर बसल्या. तिला त्याचं कधी वाईट वाटलं नव्हतं. वीस वर्षांनी संपणार होतं ना.

बाबा तिला सांगू लागले. कर्जाचं चौथं वर्ष संपताना बँकेचं पत्र आलं होतं. व्याजाचा दर दीड टक्क्याने वर गेला होता. पत्राखाली दोन चौकोन छापलेले होते. एकात लिहिलं होतं, हप्ता वाढवा. दुसऱ्यात, मुदत वाढवा. एकावर खूण करून परत पाठवायचं होतं.

“हप्ता वाढला असता तर महिन्याच्या महिन्याला जाणवला असता,” बाबा म्हणाले. “मुदत काय, लांब होती. तेव्हा वीस वर्षं आणि पंचवीस वर्षं मला सारखीच दिसली. दोन्ही धुक्यातच होती.”

“आणि आईला?”

बाबांनी मान हलवली. आईला सांगितलं नव्हतं. आधी सांगायचं राहिलं, मग सांगायची वेळ गेली, आणि मग न सांगण्याचीच सवय होऊन गेली. तीन महिन्यांनी ते निवृत्त व्हायचे होते. त्यांनी मनाशी ठरवलं होतं, कारखान्याकडून मिळेल त्या रकमेतून गुपचूप हप्ते भरत राहायचे, आणि शिवाय नदीकाठच्या गोदामावर पहारेकऱ्याची जागा होती ती घ्यायची. आईला सांगायचं, घरी बसून करमत नाही म्हणून जातो.

“मोतीबिंदू घेऊन पहारा करणार?” थोरली म्हणाली. ती हसण्याच्या बेतात होती, पण तिला हसू आलं नाही.

इकडे पुढच्या दारातून धाकटा मुलगा आणि सून आले होते. धाकटा लिफ्ट दुरुस्त करायचा. मोठमोठ्या इमारतींच्या पोटात, तारांच्या जंगलात त्याचा दिवस जाई. सून लहान मुलांच्या शाळेत शिकवायची. तिच्या हातात एक गुंडाळलेला नकाशा होता. आईने कपांची मांडामांड करता करता विचारलं तेव्हा तिने तो मेजाच्या कडेला उलगडून दाखवला. चौथा मजला, तीन खोल्या, दोन बाजूंना खिडक्या. उद्या बारा वाजता सही करायची होती. तीस वर्षांचं कर्ज.

सून लहानपणी अकरा घरांत राहिली होती, सगळी भाड्याची. प्रत्येक घर सोडताना तिची आई भिंतीतले खिळे काढून पिशवीत भरायची, कारण खिळे आपले असायचे. गेले चार महिने सून झोपेत त्या चौथ्या मजल्यावरच्या घरात हिंडत होती. तिथे सकाळचं ऊन एका खिडकीतून येई आणि संध्याकाळचं दुसरीतून, आणि मधल्या वेळात ती एका भिंतीत सावकाश, मोजून, एक खिळा ठोकत असे.

“छान आहे गं,” आई म्हणाली. “पडदे मी शिवीन.” आणि खिडक्यांची मापं विचारायला लागली.

आत्या आरामखुर्चीत बसून हे ऐकत होती. ती बाबांची थोरली बहीण, टेलिफोनच्या कार्यालयात आयुष्य काढलेली, इथेच तळमजल्यावरच्या मागच्या खोलीत राहणारी. या घराची सुरुवातीची रक्कम भरायला कमी पडली तेव्हा तिने आपली होती नव्हती ती शिल्लक दिली होती, आणि मग त्याबद्दल अवाक्षर काढलं नव्हतं. “घर पाहावं बांधून म्हणतात,” ती म्हणाली. “पण बांधून झाल्यावर काय पाहावं ते कुणी म्हणत नाही. बोलाव त्याला. केक कोरडा होतोय.”

बाबा आत आले. त्यांच्या मागून थोरली. आईने सुरी बाबांच्या हातात दिली. आत्या म्हणाली, कापायच्या आधी दोन शब्द बोल. तसे बाबा बोलणारे नव्हते. वर्षानुवर्षं भट्टीच्या आवाजात काम केलेल्या माणसासारखे ते एकतर मोठ्याने बोलत नाहीतर गप्प राहत. त्यांनी केकवरच्या अक्षरांकडे पाहिलं. थोरलीला कळलं, त्यांना ती अक्षरं दिसत नाहीयेत.

“काय लिहिलंय?” त्यांनी विचारलं.

“झालं,” धाकटा म्हणाला.

“नाही झालं,” बाबा म्हणाले. “अजून पाच वर्षं आहेत.”

आणि उभ्या उभ्याच त्यांनी सगळं सांगून टाकलं. पत्र, दोन चौकोन, सोळा वर्षं, गोदामावरची जागा. पहारेकऱ्याचंसुद्धा. हातातली सुरी त्यांनी खाली ठेवली नव्हती, आणि ते बोलत होते तोवर ती तशीच केकवर अधांतरी राहिली.

आई खाली बसली. तिला एकदम आपलं घर तिऱ्हाईताच्या डोळ्यांनी दिसलं : जिन्याचा झिजलेला कठडा, भिंतीवर मुलांची उंची मोजलेल्या पेन्सिलीच्या रेघा, आपण शिवलेले पडदे. हे सगळं कुणाच्या तरी दुकानात मांडून ठेवल्यासारखं दिसलं.

धाकट्याला मात्र राग आला. तो म्हणाला, बँकेने फसवलंय, मी उद्या जाऊन त्यांना जाब विचारतो. थोरलीने त्याला थांबवलं. फसवलेलं नाही, ती म्हणाली. सगळं लिहिलेलं होतं. दरसाल कागद येत होता. तिने केकचं रिकामं खोकं पालथं केलं आणि त्याच्या पुठ्ठ्यावर लिहायला लागली.

ती म्हणाली, समजा बँकेने शंभर दिले. आपण पहिला हप्ता भरला तेव्हा त्या हप्त्यातले शंभरातले त्र्याऐंशी भाग व्याजात गेले. सतराच भाग मुद्दलातून उतरले. पुढच्या महिन्यात उरलेल्या मुद्दलावर पुन्हा व्याज. म्हणून सुरुवातीची सगळी वर्षं आपण पाण्यात वल्हं मारत होतो आणि होडी तसूभर हलत होती. चार वर्षं भरून शंभरातले नऊ फिटले होते, फक्त नऊ. तेवढ्यात दर वाढला. हप्ता तोच ठेवला, म्हणजे मुद्दलात पडणारा तो छोटा हिस्साच आणखी बारीक झाला. दीड टक्का वाढला, पण त्याची पाच वर्षं झाली.

“आज वीस वर्षं भरून शंभरातले बेचाळीस बाकी आहेत,” ती म्हणाली. “पंचवीस वर्षांनी संपेल तेव्हा शंभराचे दोनशे सत्तर भरलेले असतील.”

मग धाकटा पुटपुटला, “आणि खिडकी?”

त्याला काय म्हणायचंय ते थोरलीला लगेच कळलं. ती दोघं लहान असताना हप्त्याच्या दिवशी बाबा कामावरून आले की त्यांना घरात फिरवायचे. आज ही खिडकी आपली झाली, म्हणायचे. आज हा दरवाजा. धाकट्याने हट्ट करून न्हाणीघरातला नळ स्वतःसाठी मागून घेतला होता. पहिल्या दोन वर्षांतच सगळी खालची खोली त्यांची झाली होती आणि ती दोघं जिन्याच्या पायऱ्या वाटून घ्यायला लागली होती.

“दोन वर्षांत न्हाणीघरसुद्धा पुरतं झालं नव्हतं,” थोरली हळूच म्हणाली. “नळ झाला असेल.”

बाबांना हसू आलं, आणि हसता हसता त्यांचे डोळे भरून आले. ते खुर्चीत बसले.

आत्याने विचारलं, तेव्हाच हप्ता वाढवला असता तर किती वाढवावा लागला असता? थोरलीने पुठ्ठ्यावर पाहिलं. दहावा हिस्सासुद्धा नाही, ती म्हणाली. तेवढा दर महिन्याला जास्त भरला असता तर आज खरंच झालं असतं. आणि हे म्हणताना तिचा आवाज जरा कडू झाला. बाबांनी मला सांगायला हवं होतं, ती म्हणाली. अकरा वर्षं माझा अर्धा पगार येत होता. मला विचारलं असतं तर मी आणखी दिला असता, किंवा मुळीच दिला नसता आणि शिकायला गेले असते. यातलं काय केलं असतं ते मला माहीत नाही. पण मला विचारलं नाही.

बाबा म्हणाले, “तुझं बरोबर आहे.” त्यापुढे त्यांनी सारवासारव केली नाही.

आईने आता पहिल्यांदा तोंड उघडलं. ती म्हणाली, त्या दहाव्या हिश्शाचं आपण काय केलं? प्रश्न बाबांना नव्हता. ती स्वतःशीच आठवत होती. एक वर्षी समुद्रावर गेलो होतो, ती म्हणाली. आत्या म्हणाली, माझा दात. धाकटा म्हणाला, मला ते बर्फावरचे बूट हवे होते, दोन वेळा घातले. कुणालाच नीट सांगता येईना. सोळा वर्षांचा दहावा हिस्सा कुठेतरी विरून गेला होता, आणि तरी तो गेला नव्हता. सगळे त्यातूनच वाढून इथे बसले होते.

“पैशांचं मी समजू शकते,” आई म्हणाली. “पण अहो, तुम्ही रविवारची पाळी घेतलीत. वीस वर्षं. मी विचारलं की म्हणायचात, घर होऊ दे, मग सगळे रविवार आपलेच. आज पहिला रविवार धरून मी केक मागवला.”

बाबांनी हातातली सुरी आता कुठे खाली ठेवली.

धाकटा उठून खिडकीशी गेला आणि पाठमोराच म्हणाला की आमच्या घरासाठी साठवलेली सुरुवातीची रक्कम आहे, ती मी इथे भरतो. आम्ही दोन वर्षांनी बघू. थोरली म्हणाली, विचार वाईट नाही. आत्या म्हणाली, मुलगा शहाणा आहे. बाबा म्हणाले, मुळीच नाही. सुनेने नकाशा गुंडाळायला घेतला, पण तिचे हात थांबत होते.

ती त्या क्षणी सगळ्यांपासून फार लांब गेली होती. या घरात तिला कुणी परकं मानलं नव्हतं. पण आता एका बाजूला ही पाच माणसं होती, रक्ताची, आणि त्यांच्यात तिचा नवरा, आणि दुसऱ्या बाजूला ती आणि दोन खिडक्या. साठवलेल्या रकमेत तिच्या सहा वर्षांच्या संध्याकाळच्या शिकवण्या होत्या. तिला कुणी विचारलं नव्हतं. तिला थोरलीचं मघाचं वाक्य आठवलं.

आईच्या ते लक्षात आलं. ती धाकट्याला म्हणाली, “अरे, तू आत्ता जे केलंस ना, तेच तुझ्या बाबांनी सोळा वर्षांपूर्वी केलं. घरातल्या बाईला न विचारता चौकोनात खूण केलीस.”

धाकटा वळला. सुनेकडे बघून तो ओशाळला. ती हसली नाही, पण तिने नकाशा पुन्हा उलगडला आणि मेजावर ठेवून थोरलीकडे सरकवला.

“ताई,” ती म्हणाली, “आमचंही मांडून दाखवा.”

थोरलीने पुठ्ठ्याची दुसरी बाजू घेतली. दर बाबांच्या सुरुवातीच्या दराएवढाच धरला. तीस वर्षं. पहिल्या हप्त्यातले शंभरातले त्र्याण्णव भाग व्याज. शेवटपर्यंत शंभराचे दोनशे नव्वद. सून म्हणाली, बँकेतला माणूस म्हणाला होता, मुदत जितकी लांब तितका हप्ता हलका. थोरली म्हणाली, खरं आहे ते. हप्ता हलका होतो आणि घर जड होतं.

“आणि पंधरा वर्षं धरली तर?”

“तर हप्ता चौथ्या हिश्शाने वाढतो.”

“तेवढा झेपणार नाही,” सून म्हणाली. मग तिने नकाशातल्या तिसऱ्या खोलीवर तळवा ठेवला. ती खोली दिसेनाशी झाली. तिच्याबरोबर पश्चिमेची खिडकीही गेली. “त्याच इमारतीत तळमजल्यावर दोन खोल्यांचं एक आहे,” ती म्हणाली. “मागच्या बाजूला. मी बघूनही आत गेले नाही. ते घेतलं तर कर्ज पाचव्या हिश्शाने कमी होईल.”

थोरलीने लिहिलं, गुणलं, आणि पेन्सिल थांबवली. पुन्हा एकदा पाहिलं. “हप्ता जवळजवळ तोच,” ती म्हणाली. “आणि पंधरा वर्षांत संपतं.”

“तोच हप्ता?”

“तोच. अर्धी वर्षं.”

सून बराच वेळ आपल्या तळव्याकडे बघत राहिली. एका खोलीची किंमत पंधरा वर्षं. ती आता तीस वर्षांची होती. साठाव्या वर्षीची ती कशी असेल ते तिला दिसेना, पण पंचेचाळीसची दिसली, जरा जाडसर, चष्मा लावलेली, मागच्या बाजूच्या खोलीत दिवा लावणारी. त्या बाईवर तिचा जीव बसला. तरी खिडकीचं दुःख झालंच. ते तिने लपवलं नाही. डोळे पुसून ती म्हणाली, उद्याची सही मी पुढे ढकलते. आणि आमची रक्कम आमच्याकडेच राहील. बाबा, रागावू नका.

“रागावू कशाला,” बाबा म्हणाले. “या घरात पहिल्यांदाच कुणीतरी आधी विचारून मग ठरवतंय.”

मग बाबांचं ठरवायला फार वेळ लागला नाही. कारखान्याकडून येणाऱ्या रकमेचा आकडा त्यांनी आयुष्यात पहिल्यांदा मोठ्याने उच्चारला. त्यातून बाकी कर्जाचे दोन तृतीयांश एकदम फेडले, तर साठ हप्त्यांचे सतरा होत होते. हातात थोडं उरत होतं, दर महिन्याचं लहानसं निवृत्तिवेतन होतं. सतरा हप्ते मी भरीन, आई म्हणाली; माणसं घरं बदलत राहतात तोवर पडद्यांना मरण नाही. आत्या म्हणाली, त्यात माझाही वाटा, आणि कुणी नको म्हणालं तर मी खोली खाली करून भाड्याने राहायला जाईन, तुमची फजिती होईल. पहारेकऱ्याची जागा घ्यायची नाही, हे आईने सांगितलं नाही. तिने बाबांकडे पाहिलं, तेवढ्यात ते ठरलं.

मग त्यांनी तो केक कापला. थोरलीला बाबांनी स्वतः मोठा तुकडा वाढला आणि तिच्या शेजारीच बसून राहिले. ती अजून पुरती निवळली नव्हती. पण तुकडा तिने संपवला, आणि जाताना त्यांच्या औषधाच्या थेंबांची बाटली बदलून गेली.

तीन महिन्यांनी, निवृत्तीनंतरच्या दुसऱ्या सोमवारी, बाबा आणि आई बँकेत गेले. काउंटरच्या पलीकडची अधिकारी बाई तरुण होती, केस मागे घट्ट बांधलेले. तिने रक्कम जमा करून घेतली आणि एक कागद पुढे केला. इतकी रक्कम भरल्यावर हप्ता कमी करता येतो किंवा मुदत, ती म्हणाली. कुठलं हवं त्या चौकोनात खूण करा. बाबांनी कागद आईकडे दिला. आईने तो पूर्ण वाचला, मागची बाजूसुद्धा, आणि मुदतीच्या चौकोनात खूण करून बाबांचा हात सहीच्या जागी नेऊन ठेवला.

सही झाल्यावर बाबा उठले नाहीत. त्यांनी विचारलं, “एक सांगा. पहिल्याच दिवशी मी विचारलं असतं, की शेवटपर्यंत सगळं मिळून किती होईल, तर तुम्ही सांगितलं असतं?”

“सांगितलं असतं की,” ती बाई म्हणाली. “विचारलं तर आम्ही सांगतोच.”

“लोक विचारतात?”

तिने जरा विचार केला. “हप्ता किती ते विचारतात,” ती म्हणाली.

बाहेर पडले तेव्हा साडेदहा वाजले होते. कामाचा दिवस होता. रस्त्यावरची सगळी माणसं कुठे ना कुठे निघाली होती. घरचा चढ डावीकडे होता. उजवीकडच्या थांब्यावर एक बस उभी होती, कितीतरी वर्षं त्यांच्या दारावरून जाणारी. आई तिच्यात चढली. बाबा तिच्या मागे चढले. कुठे, असं त्यांनी विचारलं नाही.

चालकाने विचारलं, तिकीट कुठलं देऊ? आईने क्षणभर बाबांकडे पाहिलं आणि म्हणाली, “शेवटपर्यंतची दोन.”

बस शहरातून हळूहळू निघाली. दुकानं संपली, गोदामं संपली, मग एकसारखी कौलारू घरं लागली आणि तीही विरळ होत गेली. बाबांना बाहेरचं धुरकट, ओल्या काचेपलीकडचं दिसावं तसं दिसत होतं, म्हणून आई सांगत राहिली : आता पूल आला, आता कुणाचे तरी कपडे वाळतायत, आता एक पांढरा घोडा उभा आहे, एकटाच. मध्येच ती पेंगली आणि तिचं डोकं त्यांच्या खांद्यावर आलं. ते हलले नाहीत.

शेवटच्या थांब्यावर मोठा तलाव होता. चालकाने यंत्र बंद केलं आणि मागे वळून सांगितलं, बस पुढे जात नाही; परतीची पंचवीस मिनिटांनी सुटेल. आई जागी झाली. काचेबाहेर पाणी पसरलं होतं, इतकं की पलीकडचा काठ आहे की नाही ते तिलाही सांगता येईना.

“उतरायचं?” तिने विचारलं.

“बसू जरा,” बाबा म्हणाले.